काळ सरकवणाऱ्या नकाशाकाराचे आयुष्य कसे लिहावे?

बोरीबाभळी (मूळ लेखन)

नमस्कार. गेली दोन वर्षे एक दीर्घकथा माझ्या हातून पुढे सरकत नाही, म्हणून हा धागा काढत आहे. कथेचा नायक धोंडिबा मापारी हा निजामाच्या राजवटीत मोजणीच्या कामावर असलेला नकाशानवीस आहे. त्याचे गाव काल्पनिक असले, तरी ते अंबड आणि गोदावरी यांच्या मधल्या काळ्या रानात कुठेतरी आहे. एके दिवशी त्याच्या ध्यानात येते की, आपण कागदावर एखाद्या शेताची पूर्वेकडची रेघ केसभर सरकवली, तर त्या शेतात दिवस तेवढा लवकर उजाडतो. आणि रेघ खरवडून पुन्हा जुन्या जागी आणली, तर गेलेली दुपार परत येते. इथपर्यंत मी सहज लिहीत आलो आणि इथेच अडकलो.

अडचण अशी की, ज्याला हे जमते त्याला काहीही जमेल, आणि ज्याला काहीही जमते त्याची गोष्ट वाचण्यात कोणाला गोडी वाटणार? तेव्हा माझे प्रश्न दोन आहेत. या माणसाच्या हाताला मर्यादा कोणती असावी? आणि ती मर्यादा सांभाळून त्याचे उरलेले आयुष्य, म्हणजे संसार, नोकरी आणि म्हातारपण, कसे जावे? जाणकारांनी आणि अजाणकारांनीही मोकळेपणाने लिहावे.

खडूस_वाचक

रेघ सरकवणारे नकाशाकार आमच्या भावकीतही पुष्कळ आहेत. फरक एवढाच की, त्यांच्या बाजूला उजाडते तेव्हा आमच्या बाजूला मावळते.

साखळीवाला

खडूस यांनी थट्टेत जे लिहिले, तेच पहिल्या प्रश्नाचे उत्तर आहे असे मला वाटते. मी चौतीस वर्षे भूकरमापक म्हणून काम करून निवृत्त झालो. आमच्या कामात जमीन निर्माण करता येत नाही. गटाचे एकूण क्षेत्र ठरलेले असते. पोटहिस्से पाडताना एकाला दोन गुंठे जास्त भरले, तर ते दुसऱ्या कोणाच्या तरी बाजूने कमी झालेलेच असतात, आणि बेरीज जुळेपर्यंत कागद टेबलावरून हलत नाही. बांध कोरणारा माणूसही हेच करतो. तो एका रात्रीत काही लाटत नाही. दर वर्षी नांगरटीच्या वेळी एक तास बांधाच्या पोटात घालतो, आणि वीस वर्षांनी जिथून बैलगाडी जात होती तिथून माणसाला तिरके होऊन जावे लागते.

म्हणून धोंडिबाला काळ निर्माण करता येऊ नये. त्याला फक्त हद्द सरकवता यावी. एका शेतात दिवस लवकर उजाडला, की शेजारच्या शेतातला तेवढा दिवस कमी झालाच पाहिजे, आणि गावच्या एकूण दिवसाची बेरीज जशीच्या तशी राहिली पाहिजे.

एक अनुभव सांगतो. नोकरीच्या सुरुवातीला दोन भावांच्या वादात मोजणीस गेलो होतो. तेव्हा आमच्या हातात ३३ फुटांची लोखंडी साखळी असे, तिचे सोळा आणे पाडलेले असत. एक साखळी लांब आणि एक साखळी रुंद म्हणजे एक गुंठा, १०८९ चौरस फूट, आणि असे चाळीस गुंठे म्हणजे एकर. थोरल्याने बांध कोरलेला होता, हे शेंबड्या पोरालाही दिसत होते. मी साखळी टाकायला सांगितली तेव्हा धाकटा जवळ येऊन म्हणाला, “साहेब, जमीन त्यालाच राहू द्या. वडील गेले त्या साली बांध कुठे होता, तेवढे मला दाखवा.” टिपणावरची मापे घेऊन आम्ही खणत गेलो, तर दीड हातावर हद्दीचा दगड लागला. धाकटा त्या दगडाशेजारी उकिडवा बसून राहिला आणि थोरला जागचा हलला नाही. नकाशाने काळ मागे नेता येतो, हे मी त्या दिवशी पाहिले आहे. त्याला जादूची गरज पडली नाही.

ज्वारीची_भाकरी

साखळीवाला काका, तुम्ही “एक तास बांधाच्या पोटात घालतो” असे लिहिले आणि पुढे निघून गेलात. मी मात्र तिथेच थांबले. नांगराचाही तासच आणि घड्याळाचाही तासच! बोरीबाभळी, तुम्हाला हवे ते तुमच्या शिवारात नांगरून ठेवलेले आहे.

साखळीवाला

ताई, आयुष्यभर हा शब्द दोन्ही अर्थांनी वापरला आणि कधी लक्षात आले नाही. आता रात्री झोप येणार नाही.

पंचांगी

धाग्याच्या मालकांनी गावाची जागा सहज निवडली असावी, पण ती फार नेमकी आहे. आपल्या जुन्या ज्योतिर्गणितात शून्य रेखांश उज्जैनचा मानत, आणि त्या रेषेपासून पूर्वेला किंवा पश्चिमेला असल्यामुळे वेळेत जो फरक पडतो, त्या दुरुस्तीला देशांतर असे नाव आहे. उज्जैनहून दक्षिणेकडे सरळ रेषा ओढली, तर ती अंबड, गेवराई आणि बीड यांच्या अगदी जवळून जाते. म्हणजे धोंडिबाच्या गावाला देशांतर जवळजवळ शून्य आहे. काळ मोजण्याची खुंटी जिथे ठोकली, त्याच दोरीवर तुमचा नायक बसलेला आहे.

आता मापे. एका अहोरात्राच्या साठ घटिका, एका घटिकेची साठ पळे आणि एका पळाची साठ विपळे. घटिका म्हणजे २४ मिनिटे, पळ म्हणजे २४ सेकंद. पृथ्वी चोवीस तासांत ३६० अंश फिरते, म्हणून एका अंशाला चार मिनिटे, म्हणजे बरोबर दहा पळे पडतात. धोंडिबाला मिनिटांत विचार करायला लावू नका. त्याच्या कागदावर अंश असतात आणि घरात पळे असतात, त्यामुळे त्याला नुसते दहाने गुणायचे किंवा भागायचे आहे. माझ्या आत्याच्या लग्नात आजोबांनी घंगाळात घटिकापात्र सोडलेले मी पाहिले आहे. तळाला सुईएवढे भोक असलेली ती तांब्याची वाटी पाण्यावर कितीतरी वेळ निवांत बसते. मग काठ पाण्याला लागतो आणि ती एकदम दिसेनाशी होते. शेवटचे पळ वाटीला सांभाळता येत नाही. हे दृश्य कथेत कुठेतरी यावे, अशी माझी विनंती आहे.

आणखी एक गोष्ट. धोंडिबा हे नाव तुम्ही विचारपूर्वक ठेवले आहे काय? ज्या घरात मुले जगत नाहीत, तिथे पुढच्या मुलाचे नाव धोंडू किंवा दगडू ठेवत, म्हणजे काळाला वाटावे की हा धोंडाच आहे, आणि त्याने पुढे निघून जावे. हद्दीवर रोवतात तोही धोंडा. अधिक मासाला आपण म्हणतो तोही धोंड्याचा महिना. त्याला अधिक श्रावणात जन्माला घाला. तोच अधिक महिना साधारणपणे एकोणीस वर्षांनी पुन्हा येतो. २००४ साली अधिक श्रावण होता, त्यानंतर थेट २०२३ साली आला. जन्मतिथी काटेकोरपणे मोजली, तर हा माणूस सत्तराव्या वर्षीही जेमतेम चौथ्यांदा वाढदिवसाला पोहोचणार नाही.

बोरीबाभळी

पंचांगी, खरे सांगायचे तर धोंडिबा हे माझ्या पणजोबांचे नाव होते, म्हणून ठेवले. त्यांच्या आधीची तीन भावंडे गेली होती, एवढे घरात ऐकले होते. तुम्ही लिहिलेले वाचून आईला फोन केला, तेव्हा ती म्हणाली, “मग तुला काय वाटले, हौसेने ठेवले होय?”

मोडी_दप्तर

मी हौसेने जुनी कागदपत्रे वाचतो, त्यामुळे धोंडिबाच्या टेबलाविषयी थोडे लिहितो. त्याच्यापुढे एकच काळ नसणार. गावचा जोशी शके सांगणार, आणि शालिवाहनाचे पैठण तर त्याच्या गावाहून जवळच. दर्ग्यात हिजरी चालणार. इंग्रजी हद्दीतून येणाऱ्या पत्रावर इसवी सन असणार. आणि त्याच्या स्वतःच्या नकाशाच्या कोपऱ्यात फसली साल आणि आजूर, दै, बहमन असले महिने असणार. फसली सालात ५९० मिळवले की इसवी सन हाती येतो, म्हणून १३५७ फसली म्हणजे १९४७-४८.

आता फसली सन का लागला, ते पाहा. हिजरी वर्ष चांद्र असल्यामुळे सौर वर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी लहान असते. पिके सूर्यावर येतात. सारा जर चांद्र वर्षाने वसूल केला, तर शेतकऱ्याच्या बत्तीस सुगींमध्ये सरकारचे तेहतीस वसूल होतात. एक अख्खे वर्ष, ज्यात पेरणी झाली नाही की कापणी झाली नाही, केवळ मोजण्याच्या रीतीमुळे रयतेच्या अंगावर पडते. साखळीवाला यांनी सांगितलेली बांध कोरण्याची रीत कालगणनेत ही अशी दिसते, आणि तो बांध पुन्हा जागेवर आणण्यासाठी पिकाशी बांधलेले साल करावे लागले. धोंडिबाने आपली विद्या इथूनच का शिकू नये? त्याला कोणी साधू भेटला पाहिजे असे नाही. जमाबंदीचे हिशेब करता करता ते तेहतिसावे वर्ष त्याच्या नजरेस पडावे, एवढे पुरे आहे.

आणि त्याच्या शेवटच्या नकाशावर १३५७ फसली असावे. ते साल पुरे होण्याआधीच, १७ सप्टेंबर १९४८ रोजी संस्थान संपले.

खडूस_वाचक

तेहतिसाव्या वर्षाचा सारा वसूल करणारी मंडळी आजही आहेत. त्यांना आम्ही सावकार म्हणतो.

पार्थपूर

मी पाथरीचा असल्यामुळे गप्प बसवत नाही. जुन्या ग्रंथांतले पार्थपूर ते हेच आमचे गाव. इथल्या ज्ञानराजाने १५०३ साली सिद्धान्तसुंदर हा ज्योतिषग्रंथ लिहिला, आणि त्याचा मुलगा दैवज्ञ सूर्यपंडित याने रामकृष्णविलोमकाव्य रचले, ज्यातील ओळ डावीकडून वाचली तर रामाची कथा लागते आणि तीच अक्षरे उजवीकडून वाचली तर कृष्णाची. बाप आकाश मोजणारा आणि मुलगा अक्षरे उलटी चालवणारा, असे घर आपल्या गोदाकाठी होऊन गेले, हे परभणीतसुद्धा कितीजणांना ठाऊक आहे कोण जाणे. धोंडिबाचा नकाशा असाच असावा असे मला वाटते. वेशीकडून नदीकडे वाचत गेले तर आजचे गाव दिसावे, नदीकडून वेशीकडे वाचत आले तर काल दिसावा.

पंचांगी

सूचना सुंदर आहे, पण एक बारीक मुद्दा राहतो. राम त्रेतायुगातला आणि कृष्ण द्वापरातला. म्हणजे सूर्यपंडिताची ओळ उलटी वाचली की काळ मागे जात नाही, पुढे जातो! धोंडिबाने हीच चूक करावी. बायकोचे आजारपण टळावे म्हणून त्याने नकाशा उलटा वाचावा आणि तिचे म्हातारपण त्याच्या पुढ्यात यावे.

पार्थपूर

पंचांगी, ही चूक माझीही आहे. गेली तीस वर्षे मी लोकांना “उलटे म्हणजे मागे” असेच सांगत आलो.

ज्वारीची_भाकरी

बायकोचा विषय निघालाच आहे तर लिहिते. आतापर्यंतच्या प्रतिसादांत धोंडिबाची बायको फक्त आजारी पडली आहे. वास्तविक नवरा काय उद्योग करतो, हे सर्वांत आधी तिलाच कळेल, आणि ते नकाशा पाहून कळणार नाही. रात्री लावलेले विरजण सकाळी लागलेले नसेल. एकाच दिवशी घातलेल्या कुरडयांपैकी आपल्या माळवदावरच्या ओल्या राहतील आणि शेजारणीच्या कडकडीत वाळतील. भिजवलेल्या मटकीला मोड येऊन ते लांब झालेले असतील, तर त्याच वेळी भिजवलेले हरभरे तसेच टणक असतील. ती दोन-चार दिवस स्वतःलाच दोष देईल, मग भगुणे त्याच्यापुढे आणून ठेवील आणि विचारील की, आज कोणाचा दिवस कोणाला दिलात?

या प्रश्नाला त्याने काय उत्तर द्यावे, यावर त्याचा संसार कसा होईल ते ठरेल. माझ्या मते त्याने खोटे बोलावे आणि तिला ते कळावे.

नाथसागर_काठ

माझे वेगळे मत आहे. साखळीवाला यांची बेरीज मला पटत नाही, कारण काही हद्दी सरकत नाहीत, बुडतात.

आमचे मूळ गाव जायकवाडीच्या पाण्यात गेले. धरणाची पायाभरणी १९६५ साली झाली आणि १९७६ साली उद्घाटन झाले. या अकरा वर्षांत आमचे लोक गाव सोडून गेले, पुन्हा परत आले, शेवटी पाणी आल्यावर कायमचे निघाले. वडिलांकडे गावच्या नकाशाची कापडावर चिकटवलेली प्रत आहे. घड्यांवर कापड विरले आहे, आणि नेमकी मधल्या घडीवर आमची विहीर असल्यामुळे ती गोल खूण आता अर्धीच उरली आहे. ज्या वर्षी पाऊस दगा देतो आणि पाणी खूप मागे हटते, त्या वर्षी वडील तो नकाशा घेऊन जातात. पाणी ओसरताना आधी देवळाचा चौथरा दिसतो, मग चावडीच्या पायाचे दगड, मग वाट. गाव बुडताना आधी वाट गेली होती आणि देऊळ शेवटी गेले होते. म्हणजे दुष्काळ आमच्या गावाचा काळ उलटा फिरवतो, आणि तो फिरवताना कोणाचे नुकसान होते म्हणाल, तर सगळ्या मराठवाड्याचे होते. लोक त्या उघड्या पडलेल्या जमिनीवर गाळपेर करतात आणि वडील त्यांच्या हरभऱ्यातून “ही आपली गल्ली” असे म्हणत चालतात.

वाचता वाचता मला जाणवले की, हे लिहून मी साखळीवाला यांचेच म्हणणे सिद्ध केले आहे. तरीही लिहिलेले खोडत नाही.

साखळीवाला

खोडू नका. नकाशावर जी विहीर अर्धी राहिली आहे तिची मापे एकदा कागदावर उतरवून ठेवा. दोन पक्क्या खुणांपासूनची अंतरे असली की विहीर पुन्हा काढता येते.

रोव्हर

मी सध्या मोजणीच्या नव्या यंत्रांवर काम करतो. काकांची साखळी गेली, पण एक विलक्षण गोष्ट घडली आहे जी या कथेला उपयोगी पडावी. आज आम्ही काठीवर बसवलेले रोव्हर घेऊन बांधावर उभे राहतो, तेव्हा ते यंत्र अंतर मोजतच नाही. ते वेळ मोजते. उपग्रहात अणुघड्याळ असते, त्याचा संकेत इथपर्यंत यायला किती वेळ लागला त्यावरून अंतर निघते, आणि अशा अनेक उपग्रहांवरून जागा ठरते. संकेत प्रकाशाच्या वेगाने येतो, म्हणून घड्याळात एका सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाची चूक झाली तर अंतर ३०० मीटरने चुकते. आणखी गंमत अशी की, सापेक्षतेमुळे उपग्रहावरचे घड्याळ पृथ्वीवरच्या घड्याळापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे पळते. ते हिशेबात धरले नसते, तर एका दिवसात चूक अकरा किलोमीटरवर गेली असती. म्हणून ती घड्याळे पाठवण्यापूर्वीच मुद्दाम किंचित हळू लावलेली असतात.

म्हणजे धोंडिबा रेघ सरकवून वेळ बदलत होता, आणि आता वेळ बदलली तर रेघ सरकते. त्याच्या नातवाच्या हातात रोव्हर द्यायला हरकत नाही.

एक मुद्दा जुन्या नकाशांचाही आहे. सर्व्हे ऑफ इंडियाच्या पन्नास हजारी (१:५०,००० प्रमाणाच्या) शीटची रुंदी १५ कला, म्हणजे पाव अंश असते, त्यामुळे सूर्याला ती ओलांडायला बरोबर एक मिनिट लागते. आणि ७६ अंशांच्या रेषेवर नकाशांचा क्रमांक बदलतो. जालना पश्चिमेकडच्या ४७ मध्ये येते आणि परभणी पूर्वेकडच्या ५६ मध्ये. पंचांगींची उज्जैनची रेषा आणि ही शिवण यांच्यामध्ये जेमतेम एका शीटएवढी पट्टी उरते. धोंडिबाचे गाव त्या पट्टीत आहे. शेजारच्या दोन शीट वेगवेगळ्या वर्षी मोजलेल्या असल्या, की अलीकडचा रस्ता शिवणीपाशी येऊन थांबतो आणि पलीकडे नुसते रान असते. शीट ओलांडणारा माणूस खरोखर साल ओलांडतो.

उमरग्याची_लेक

मी हा धागा सुरुवातीपासून वाचत आहे, पण लिहावे की नाही हे ठरत नव्हते.

माझे आजोळ किल्लारीजवळचे. ३० सप्टेंबर १९९३, पहाटे ३ वाजून ५६ मिनिटे. आदल्या रात्री गणपती बोळवून लोक उशिरा झोपले होते. मी नऊ वर्षांची होते आणि त्या रात्री उमरग्यात असल्यामुळे वाचले. पुनर्वसनाच्या गावात सगळी घरे एका ओळीत आणि एकसारखी झाली. आजी बाहेर गेली की तिला आपले दार सापडत नसे, म्हणून मामाने कडीला लाल चिंधी बांधली होती. वाट विचारली तर ती जुन्या गावचीच सांगायची, “पाराला वळसा घालून ये.” नव्या गावात पारही नव्हता आणि वळसाही नव्हता. तिच्या डोक्यातला नकाशा कोणी सरकवू शकले नाही.

तुमचा धोंडिबा मला भेटला तर मी त्याच्याकडे फक्त एक घटिका मागेन. ३ वाजून ३२ मिनिटांनी सगळ्यांना जाग यावी, एवढेच. पण साखळीवाला काकांच्या नियमाने ती घटिका कोणाकडून घ्यायची, हे मला सांगता येत नाही.

पंचांगी

ताई, काल रात्री तुमचे वाचून हिशेब केला. साठ पळांची घटिका आणि साठ विपळांचे पळ. म्हणजे ३६०० माणसांनी एक-एक विपळ दिले, तर एक घटिका पुरी होते. विपळ म्हणजे पापणी लवते तेवढेच. त्या रात्री लांब कुठेतरी शांत झोपलेल्या ३६०० माणसांकडून ते घेतले असते, तर कोणाच्या ध्यानातही आले नसते.

खडूस_वाचक

मी एरवी थट्टा करतो, आज करत नाही. पण गावकीची वर्गणी मी पुष्कळ वर्षे गोळा केलेली आहे, म्हणून विचारतो की, पावतीपुस्तक कोणाकडे राहणार? ३६०० माणसांकडून त्यांना न विचारता घेतलेले विपळ आज किल्लारीला गेले, उद्या कोणा सरदाराच्या मेजवानीला जाईल.

साखळीवाला

याच कारणाने मोजणीदाराने आपल्या गावची मोजणी करू नये, असे मी मानत आलो. पण त्या रात्री माझ्या हातात कागद असता, तर मी रेघ सरकवली असती. नियम मीच सांगितला होता, म्हणून हेही मीच लिहितो.

मोडी_दप्तर

बोरीबाभळी, एक आगाऊ विनंती. शेवटी धोंडिबा स्वतःच्या आयुष्यातून भरपाई करतो आणि पांढऱ्या केसांनी मरतो, असे कृपया लिहू नका. काळाशी खेळणारा प्रत्येक नायक तेच करतो. मापारी लोक धान्य मोजताना पहिल्या मापाला “एक” म्हणत नाहीत, “लाभ” म्हणतात आणि मग दोन, तीन असे पुढे जातात. धोंडिबाच्या घराण्यात एक हा आकडा कधी उच्चारलाच गेलेला नाही, यातून काही निघते का ते पाहा.

बोरीबाभळी

सर्वांचा आभारी आहे. मर्यादा मिळाली आणि आयुष्यही बरेचसे मिळाले. काकांची बेरीज घेतो, भाकरीताईंचे विरजण घेतो, वर्गणीचे पावतीपुस्तक घेतो. मोडी_दप्तर यांच्या सांगण्यावरून शेवट बदलला आहे. काल रात्री लिहिलेला भाग खाली देतो.

“संस्थान गेल्यावर धोंडिबा गावी परतला, तेव्हा त्याच्याजवळ एक वही होती. तिच्यात कोणाचे किती विपळ घेतले आणि कोणाच्या शेतात घातले, याची नोंद होती. प्रत्येक पानावरच्या पहिल्या नोंदीपुढे आकडा नव्हता, नुसते लाभ लिहिलेले होते. त्याची बायको सखू हिने वही उघडून पाहिली आणि विचारले, ‘हे पहिले कोणाचे?’ तो म्हणाला, ‘ते मोजायचे नसते.’ सखूने वही मिटून त्याच्या पुढ्यात ठेवली. भर श्रावणात त्याने साखळी काढली, पुढचे टोक धाकट्या मुलाच्या हातात दिले आणि ज्यांचे विपळ घेतले होते त्यांच्या बांधांवरून एकेक करून तो चालू लागला. ज्याच्या शेतात पोहोचायचा त्याला सांगायचा, तुमचे एवढे माझ्याकडे निघते. लोक हसायचे. एक म्हातारी मात्र हसली नाही. ती म्हणाली, ‘माझे एक विपळ मलाही कमी पडले होते, भाकर तव्यावर करपली त्या दिवशी.’”

ज्वारीची_भाकरी

म्हातारी चांगली आहे. सखूचे विरजण या भागात आले नाही, ते आधीच्या भागात यावे एवढे लक्षात ठेवा.

साखळीवाला

वाचले. एक दुरुस्ती सांगतो, राग मानू नये. श्रावणात काळ्या रानात माणसाचा पाय निघत नाही, तिथे साखळी कशी ओढणार? वर उभी पिके असतात, कड्यांत चिखल बसतो आणि माप वाढते. शिवाय पुढच्या टोकाला लहान मुलगा दिला तर साखळी ताणली जाणार नाही, मधे झोळ पडेल. हा भाग रान मोकळे झाल्यावर ठेवा, आणि पुढे कोणीतरी दणकट गडी द्या.

बोरीबाभळी

काका, जन्म अधिक श्रावणातला म्हणून सगळेच श्रावणात ओढले होते. चैत्रात नेले तर चालेल काय?

साखळीवाला

चैत्रात चालेल. पण सकाळी अकराच्या आत उरकून घ्या, नंतर उन्हाच्या झळांत झेंडीची काठी हलताना दिसते.